सारणातलं तूप

माझी एकुलती एक मुलगी पाच वर्षं झाली, माझ्या हातचं खात नाही. घरी येते, पाया पडते, बापाशी हसून बोलते, आणि जेवायची वेळ झाली की पिशवीतून आपला डबा काढते. गावात लोकांना वाटतं, सासरच्यांनी पढवलं असेल. सासरच्यांनी काहीही पढवलेलं नाही. ती माणसं माझ्यापेक्षा बरी आहेत. जे केलं ते मी केलं, आणि एका टर्कीच्या पोटात केलं.

टर्की आमच्याकडं आली ती माझ्या नवऱ्याच्या डोक्यातून. सिरसाळ्याच्या अलीकडं आमचं शेत आहे आणि शेतातच घर. नवऱ्यानं मोबाईलवर टर्कीपालनाचे व्हिडिओ पाहिले आणि एका सकाळी जीपमध्ये घालून सहा पिल्लं आणली. ती मोठी झाली तसा गाव बघायला यायला लागला. मानेखाली लोंबणारी लाल कातडी, फुगवलेलं अंग, आणि कोणी नुसतं शिंकलं तरी सगळ्यांचा एकदम गलका. माझी जाऊ म्हणाली, "बाई, ह्ये पाखरू हाय का पुढारी?" आमच्या घरात दोन पिढ्या पंचायत समितीचं राजकारण चाललेलं, त्यामुळे नवऱ्याला ते फारसं रुचलं नाही. तो दोन दिवस जावेशी नीट बोलला नाही.

मी बत्तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होते. आपण सांगायचं आणि समोरच्यानं ऐकायचं, ही सवय अंगात मुरलेली. मुलीनं पुण्यात नोकरी करताना जेव्हा सांगितलं की लग्न करायचं तर याच्याशीच, आणि मुलगा ज्यू आहे, तेव्हा माझं कोणी ऐकत नाही असं आयुष्यात पहिल्यांदा घडलं. मुलगा मराठीच. त्याची माणसं मूळची अलिबागकडची, पिढ्यान्‌पिढ्या तिथंच राहिलेली, आता ठाण्यात घर. मला ते काही पटत नव्हतं. नवऱ्यानं महिनाभरात हात टेकले, मी वर्षभर टिकले. शेवटी नोंदणी पद्धतीनं लग्न झालं, मी पैठणी नेसून गेले, फोटोत हसले, आणि परत येताना गाडीत एक शब्द बोलले नाही.

मग दिवाळी आली. लग्नानंतरची पहिली दिवाळी म्हणजे जावयाचा दिवाळसण. जावयाला आणि त्याच्या आईवडिलांना मानानं बोलवायचं, नेसवायचं, जेवू घालायचं. आमच्या घरात भाऊबीज झाली की दुसऱ्या दिवशी जावयासाठी भरली कोंबडी करतात. ज्वारीच्या वाळल्या भाकरीचा चुरा, भाजलेला कांदा, सुकं खोबरं, तीळ, कोथिंबीर, काळा मसाला, बारीक चिरलेली कलेजी आणि वाटीभर तूप. हे सारण परतून कोंबडीच्या पोटात भरायचं, दाभणानं पोट शिवायचं आणि मोठ्या पातेल्यात, झाकणावर निखारे ठेवून मंद शिजवायचं. यावेळी कोंबडीऐवजी टर्की, हे नवऱ्यानं कोणाला न विचारता ठरवून टाकलं होतं.

मुलीचा फोन आला.

"आई, टर्की चालती. बाबांनी विचारून घेतलंय. पण कापायची त्यांनीच." बाबा म्हणजे तिचे सासरे.

"बरं."

"भांडी नवी लागतील. पातेलं, झारा, सुरी, सगळं."

"बरं."

"आणि तूप न्हाई घालायचं. तूप, दूध, दही, लोणी, काईच न्हाई. करडईच्या तेलात कर."

इथं मात्र माझं 'बरं' संपलं.

"कावून गं?"

"त्यांच्यात मटणासंगं दुधाचं काई चालत न्हाई. एका भांड्यात न्हाई, एका ताटात न्हाई."

"टर्की कुठं दूध देती? टर्की अंडी देती. मी पोरांना बत्तीस वर्षं ह्येच शिकवलं."

"आई, मी वाद घालायला फोन केला न्हाई. तेवढं ऐक माझं."

हे तिनं मला एकदा नाही, तीनदा सांगितलं. तिसऱ्यांदा सांगताना तिचा आवाज लहान झाला होता, मला आठवतंय. शाळेत असताना सहलीला जायची परवानगी मागायची, तसा.

कापायचा नियम मला लगेच समजला होता. आमच्याकडंही मुलाण्यानं कापल्याशिवाय बकरं-कोंबडं खात नाहीत. घरच्या माणसानं सुरी लावलेलं माझे सासरे शिवायचे नाहीत. नव्या भांड्यांचंही समजलं, सोवळंओवळं आम्ही काय कमी पाळलं? मी सिरसाळ्याच्या बाजारातून पातेलं आणलं, झारा आणला, दाभणसुद्धा नवं आणलं. सगळं समजलं, फक्त तूप समजलं नाही. खरं सांगायचं तर ते समजून घ्यायची माझी इच्छा नव्हती. जावयाच्या ताटात तूप नाही म्हणजे काय? तूप कमी पडलं म्हणून आमच्या पाहुण्यांत लग्नाच्या पंगतीतून माणसं उठलेली मी पाहिली आहेत. आणि माझ्या तुपाचं नाव परळीपर्यंत होतं.

पाहुणे आले त्या दिवशी माझी जाऊ नवी साडी नेसून, केसाला तेल लावून ओसरीवर येऊन बसली होती. गोरी माणसं येणार, अशी तिची समजूत. गाडीतून उतरल्या त्या सहावारी साडीतल्या, सावळ्या, चष्मा लावलेल्या विहीणबाई. ठाण्याच्या दवाखान्यात नर्स होत्या. मागून व्याही, रेल्वेतून निवृत्त झालेले, हातात कापडात गुंडाळलेली सुरी. विहीणबाई म्हणाल्या, "काय हो, रस्ता फार खराब आहे तुमच्याकडचा." जाऊ माझ्या कानाशी लागली, "अगं, ही तर आपल्यावानीच हायेत की. बोलत्यात तर आपल्यापेक्षा चांगलं!" ती इतकी हिरमुसली की चहा न घेता गेली.

व्याह्यांनी सुरीची धार नखावरून हळूच फिरवून पाहिली. कुठं दाता पडला असेल तर जनावराला त्रास होतो, म्हणाले. माझा नवरा त्यांना आमच्या पद्धतीनं इवाई म्हणायचा. "इवाई, आमच्या मुलाण्याला बी एवढं न्हाई," असं तो कौतुकानं म्हणाला. टर्की कापून झाल्यावर मी गरम पाण्याचं पातेलं घेऊन आले, तर व्याही म्हणाले, "गरम पाणी नको हं, पिसं कोरडीच काढायची." नवरा तासभर पिसं उपटत बसला. कोणी सांगितलं होतं टर्की पाळायला, असं मी त्याला ऐकवलं. मग अर्धा तास पाण्यात, तासभर मिठात, पुन्हा तीन पाण्यांनी धुणं. कलेजी निखाऱ्यावर भाजली. हे सगळं व्याही-विहीण हसतखेळत करत होते आणि मी माझ्याच अंगणात उभी राहून बघत होते. पक्षी सोडला तर सगळं त्यांच्या रीतीनं चाललेलं. माझ्या वाट्याला फक्त आतलं सारण आलं.

ते मी एकटीनं स्वयंपाकघरात करायला घेतलं. करडईच्या तेलात कांदा परतला, खोबरं परतलं, भाकरीचा चुरा घातला. चुऱ्यानं सगळं तेल पिऊन टाकलं. सारण कोरडं दिसायला लागलं, भगर सांडल्यासारखं. आणखी तेल घालता आलं असतं. तेलाची बाटली समोरच होती. मी उठले, स्वयंपाकघराचं दार लोटलं, आणि फडताळातून तुपाची बरणी काढली. चांगलंच करत होते तर दार कशाला लोटलं, हे मी तेव्हा स्वतःला विचारलं नाही. वाटीभर घातलं. मनात म्हटलं, पोटात जाऊन कोण बघतंय. दिवाळीचा जावई माझ्या घरून कोरडा जाणार नाही.

जेवायला बसलो. टर्कीचं पोट उसवलं तेव्हा असा वास सुटला की नवऱ्यानं डोळेच मिटले. जावयानं दोनदा सारण मागून घेतलं. मुलगी माझ्याकडं बघून हसली. लग्नापासून ती माझ्याकडं बघून तशी हसली नव्हती, आणि माझ्या मनात आलं, झालं, मिटलं सगळं. त्या हसण्यावर मी तिथंच थांबायला हवं होतं.

व्याही माझ्याकडं बघून म्हणाले, "विहीणबाई, तेल फार सुरेख आहे हो. घाण्याचं दिसतंय. आमचे पूर्वज तेलाचाच धंदा करायचे, आम्हाला तेलातलं कळतं."

माझ्या तुपाचं श्रेय तेलाला! मला ते सहनच झालं नाही. एवढ्या माणसांना फसवलंय याचं काही वाटण्याऐवजी मला राग आला तो याचा.

"तेल कसलं घेऊन बसलात व्याही," मी म्हणाले. "तूप हाय, तूप! घरच्या म्हशीचं. खाल्लं ना सगळ्यांनी? झालं का कुणाला काई?"

व्याह्यांचा घास तोंडाजवळ गेलेला होता. तो त्यांनी हळूच ताटात परत ठेवला. रागानं नाही. झोपलेल्या लेकराला खाली ठेवावं, तसा. विहीणबाई उठल्या, बाहेर नळावर गेल्या, चुळा भरल्याचा आवाज आला. जावई कसंनुसं हसत मला म्हणाला, "असू दे आई, चुकून झालं असेल." त्यानं मला वाट काढून दिली होती. मी ती घेतली नाही.

"चुकून कसलं? जाणूनबुजून घातलं. जावयाला कोरडं वाढू का मी?"

मी भांडी आत नेली तशी मुलगी मागोमाग आली आणि मीच लोटलेल्या त्या दाराला टेकून उभी राहिली.

"मी त्यांना शब्द दिलता, आई," ती म्हणाली. "ते म्हणत व्हते, आपण आपला डबा नेऊ, त्यांना कशाला तरास. मी म्हणले, माझी आई तोंडानं कडक हाय, पण सांगितलेलं मोडत न्हाई. तिच्या हातचं डोळं झाकून खा."

"एवढ्याशा तुपानं काय आभाळ कोसळलं का?"

"तुपाचं न्हाई गं," ती म्हणाली.

मी तिला जवळ घ्यायला हवं होतं. मी खरकटी ताटं विसळायला घेतली.

दुसऱ्या दिवशी सकाळीच ते निघाले. विहीणबाईंनी माझे दोन्ही हात धरून सांगितलं, "मनाला लावून घेऊ नका. तुम्ही प्रेमानंच केलंत." त्यावर मी काय म्हणावं? मी म्हणाले, "आमी मान केला, त्याचं हे झालं." आजही ते वाक्य आठवलं की अंगावर काटा येतो. त्या बाईनं माझा हात सोडला नाही, हे मात्र खरं.

मी माफी मागितली नाही. मला ते जमत नाही. शाळेत एखाद्या पोराला विनाकारण छडी बसली तर दुसऱ्या दिवशी मी त्याला वर्गाचा मॉनिटर करायचे, पण माझं चुकलं असं कधी म्हणाले नाही. मुलीच्या बाबतीतही मी तसंच करत राहिले. साड्या पाठवल्या, तिळाचे लाडू पाठवले, सोन्याच्या रिंगा पाठवल्या. लाडू पोचले का विचारलं की म्हणायची, "पोचले." खाल्ले का, याचं उत्तर कधी आलं नाही. पहिल्यांदा ती आली आणि जेवायच्या वेळी डबा काढला, तेव्हा मला वाटलं, आहे राग, जाईल. दुसऱ्यांदाही काढला. तिसऱ्यांदा तर मी नुसता वरण-भात केला होता, त्यात मटणाचं काही नव्हतंच. तरी काढला.

तिला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी, ही आमच्याकडची रीत. सातव्या महिन्यात मी डिंक, खारीक, बदाम सगळं आणून ठेवलं आणि तिला आणायला ठाण्याला गेले. ती पलंगावर पाय लांब करून बसली होती, विहीणबाई तिच्या पायाला तेल लावत होत्या. "आई, मी हितंच बरी हाय," ती म्हणाली. बाळंतिणीला चाळीस दिवस आईच्या हातचंच खावं लागतं. तेच तिला नको होतं. मी त्याच दिवशी परतले. गावात विचारणाऱ्यांना सांगितलं, तिकडचे दवाखाने चांगले आहेत. जाऊ म्हणाली, "व्हय व्हय, चांगलेच असतील," आणि माझ्या ताटात आणखी एक भाकरी वाढली. मला त्या बाईची पहिल्यांदा माया आली.

नात झाली. ती तीन वर्षांची झाली तरी मी तिला स्वतःच्या हातानं एक घास भरवला नव्हता.

मागच्या दिवाळीच्या आधी विहीणबाईंचा फोन आला. "आम्ही येतोय," त्या म्हणाल्या. "नातीला आजोळ दाखवायचंय. आणि तुमची ती भरलेली टर्की नीट खायची राहिली आहे. यावेळी खाऊ घाला." फोन ठेवल्यावर मी ओसरीच्या पायरीवर बसून रडले. चार वर्षांत ज्या गोष्टीला मी हात लावू शकले नव्हते, ती त्या बाईनं दोन वाक्यांत पुढं सरकवली होती. त्या जेवतील हे मला माहीतच होतं. मला हवी होती माझी मुलगी. तिनं एक घास खावा, एवढंच मला हवं होतं.

मी वही घेतली आणि मुलीला मेसेज करून एकेक गोष्ट विचारली, विद्यार्थ्यासारखी. तीळ चालतील? "हो." अंडी? "हो, पण एकेक वाटीत फोडून बघायचं, रक्ताचा ठिपका असला तर टाकून द्यायचं." भाकरी कुठल्या तव्यावर? "नव्या." मी सगळं लिहून घेतलं. म्हशीचं दूध दोन दिवस आधीपासून थेट जावेच्या घरी पाठवलं. तुपाची बरणी, विरजणाचं भांडं, ताकाची रवी, सगळं टोपल्यात भरून तिच्याकडंच नेऊन ठेवलं. नवऱ्याला दोन दिवस कोरा चहा दिला. तो म्हणाला, "पाहुणे ज्यू हायेत का मी?" पण प्यायला. अंगणात लिंबाखाली तीन दगडांची नवी चूल मांडली. स्वयंपाकघरात काहीच करायचं नाही, असं मी ठरवलं होतं. जे करायचं ते उघड्यावर, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत.

ते आले. व्याह्यांचे गुडघे गेलेले, तरी खाली बसून त्यांनीच टर्की कापली. पिसं काढायला जावई बसला. मी लिंबाखाली सारण परतायला घेतलं, करडईच्या तेलाच्या डब्याचं सील सगळ्यांसमोर फोडलं. विहीणबाई माझ्याजवळ पाट घेऊन तीळ निवडत बसल्या, पण चुलीकडं पाठ करून. आपण राखण करतोय असं मला वाटू नये म्हणून त्या मुद्दाम तशा बसल्या होत्या. चुरा तेल प्यायला तसं मी आणखी तेल घातलं. एवढं सोपं होतं ते.

मी हळू आवाजात म्हणाले, "विहीणबाई, त्या वेळी माझं चुकलं."

त्या वळल्या नाहीत. "माहीत आहे हो मला," म्हणाल्या. "पण हे तिला सांगा."

मुलगी लांब ओसरीवर नातीची वेणी घालत होती. अधूनमधून इकडं बघायची. एकदा चुलीजवळ आली, पातेल्यात वाकून पाहिलं, तेलाचा डबा उचलून त्याच्यावरची अक्षरं वाचली आणि परत गेली. मला राग यायला हवा होता, तो आला नाही. मला वाटलं, बघू दे, चाखून बघितलं तरी चालेल.

अंगणातच सतरंज्या घातल्या. मी सगळ्यांना वाढलं. विहीणबाईंनी पहिला घास घेतला, माझ्याकडं बघत, मुद्दाम मोठा घास. "छान झालंय हो," त्या म्हणाल्या. व्याही जेवायला लागले, जावई जेवायला लागला. मी मुलीचं ताट तिच्यासमोर ठेवलं. नातीनं लगेच हात पुढं केला, सारणातलं भाजलेलं खोबरं तिला दिसलं होतं. मुलीनं तिचं मनगट धरलं.

"तिला नको."

"कावून गं? तिखट कमी हाय. तिच्यासाठीच कमी घातलंय."

"नको म्हणलं ना, आई."

आणि तिनं पिशवीतून डबा काढला. पुऱ्या होत्या, बटाट्याची भाजी होती.

व्याही म्हणाले, "अगं, मी स्वतः कापलीय. सगळं माझ्यासमोर झालं."

"हो बाबा, पाहिलं मी. तुम्ही खा."

मी तिच्यासमोर खाली बसले. "तुझ्या लेकराच्या डोक्यावर हात ठिवून सांगते," म्हणत हात पुढं केला. तिनं नातीला पटकन मांडीवर ओढून घेतलं. माझा हात हवेतच राहिला.

"शपथा नको घेऊस."

"मग मी काय करू? तूच सांग. जे सांगशील ते करते."

"काईच नको करू," ती म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. "तू भांडी नवी आणलीस, चूल बाहेर मांडलीस, समदं दिसतंय मला. मला कळतंय, तू काई घातलं नसणार. पण घास उचलायला गेले की हात उठत न्हाई. मी मुद्दाम करत न्हाई, आई. मी लई प्रयत्न केला."

विहीणबाईंनी मध्ये पडायचं म्हणून तिच्या पाठीवर हात ठेवला. "अगं, मी खाल्लं ना? फसले होते ती मी. मला काही वाटत नाही, तर तुला कशाला?"

मुलगी त्यांच्याकडं वळली. "तुमची ती आई नाही," ती म्हणाली. "तुम्हाला परत विश्वास ठेवता येतो."

ज्या बाईला मी फसवलं ती माझ्या हातचं जेवत होती, आणि जिला मी नऊ महिने पोटात वाढवलं ती पुऱ्या खात होती. मी तिच्याच तोंडावर म्हणाले, "माझं चुकलं गं." आयुष्यात पहिल्यांदा मी तिला असं म्हणाले. मला वाटायचं, हे शब्द निघाले की काहीतरी सुटेल.

"व्हय गं आई," ती म्हणाली. तिनं तांब्या उचलून मला पेल्यात पाणी दिलं, आणि मी ते प्याले. मग तिनं नातीला पुरीचा घास भरवला.

दुपार कलल्यावर ते निघाले. पाया पडताना तिनं कपाळ माझ्या पायावर जरा जास्त वेळ टेकवलं. नातीनं गाडीतून हात हलवला. मी माघारी येऊन तिच्यासाठी वाढलेलं, न उष्टावलेलं ताट उचललं. नवरा म्हणाला, "ठिव झाकून, मी खातो संध्याकाळी." मी झाकून ठेवलं.

आता ती फोन करते, एक दिवसाआड. पूर्वीपेक्षा बरं बोलते. मी तिला नोकरीचं विचारते, नातीच्या शाळेचं विचारते, व्याह्यांच्या गुडघ्यांचं विचारते. पण फोन उचलल्यावर कुठलीही आई जे पहिल्यांदा विचारते, जेवलीस का, ते माझ्या तोंडून निघत नाही. मध्ये एकदा सवयीनं निघून गेलं. ती म्हणाली, "व्हय आई, जेवले." आणि मी घाईघाईनं म्हशीबद्दल काहीतरी बोलायला लागले.